जप्त झालेली गाडी कोर्टातून सोडवताय? या चुका टाळा

कुठल्याही पोलीस ठाण्याच्या मागच्या आवारात डोकावून पाहा. टायर मातीत रुतलेले, काचेवर धुळीचा थर, बॉनेटखाली उंदरांनी कुरतडलेल्या वायरी. गुन्ह्यात जप्त झालेल्या या गाड्यांपैकी कित्येकींच्या मालकाने वेळेवर अर्ज केला असता तर त्या रस्त्यावर धावत असत्या.

सगळ्यात महागात पडणारी चूक म्हणजे चुकीचं दार ठोठावणं. ‘गाडी उचलली’ एवढंच कळून भागत नाही. कोणी उचलली आणि कोणत्या कलमाखाली, हे जप्ती पंचनाम्यावर किंवा पावतीवर आधी वाचा. अपघात, चोरी, मारामारी असा गुन्हा दाखल असेल तर अर्ज न्यायदंडाधिकाऱ्यांकडे. नोंदणी किंवा परमिट नाही म्हणून मोटार वाहन कायद्याच्या कलम 207 खाली अडवली असेल, तर कागदपत्रं घेऊन आधी आरटीओ किंवा वाहतूक शाखेकडे जायचं. वाळूचा ट्रॅक्टर महसूल खात्याने धरला असेल तर जमीन महसूल संहितेचं कलम 48 लागतं. तिथे दंड आणि बंधपत्राचा (बाँडचा) विषय महसूल अधिकाऱ्यांसमोर चालतो. वनखात्याने लाकडासकट धरलेल्या गाडीचा मार्ग आणखी वेगळा. हे न पाहता कोर्टात धाव घेतली की ‘आम्हाला अधिकार नाही’ एवढं ऐकायला दोन-तीन तारखा जातात.

दुसरी चूक, ‘दोषारोपपत्र येऊ दे, मग बघू’ म्हणत थांबणं. थांबायची काहीच गरज नाही. सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2002 मध्येच सांगितलं आहे की जप्त वाहनं ठाण्यात दीर्घकाळ ठेवण्यात अर्थ नाही. योग्य बंधपत्र, हमी घेऊन ती परत द्यावीत, पुराव्यासाठी पंचनामा आणि फोटो ठेवावेत. अर्जात याचा उल्लेख जरूर करा. 1 जुलै 2024 पासून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 451 आणि 457 च्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची कलमं 497 आणि 503 आली आहेत. जुना नमुना कॉपी करून तेच आकडे ठेवलेले अर्ज अजूनही दिसतात.

कागदांकडे मात्र निवांत बसून बघा. आरसीवरचा चेसिस नंबर आणि पंचनाम्यातला चेसिस नंबर एकेक अक्षर बोट ठेवून जुळवा. पंचनामा घाईत लिहिलेला असतो, ‘8’ चा ‘3’ होतो आणि सुनावणीत तिथेच घोडं अडतं. चूक दिसली तर तपास अधिकाऱ्यांना लगेच दाखवा, त्यांच्या ‘से’मध्ये, म्हणजे अर्जावर ते कोर्टात देतात त्या लेखी म्हणण्यात, खुलासा येऊ द्या. सेकंडहँड गाडी नावावर करून घेतली नसेल तर अडचण मोठी, कारण कोर्ट आधी नोंदणीकृत मालकाचं नाव बघतं. मूळ मालकाचं ना-हरकत प्रतिज्ञापत्र मिळवा किंवा त्यालाच अर्जदार करा. गाडीवर कर्ज असेल तर ते लपवू नका. आरसीवर बोजा दिसतोच, आणि फायनान्स कंपनीनेही गाडीवर दावा केला तर प्रकरण लांबतं. अपघाताच्या दिवशी विमा चालू नव्हता तर पुरेसं तारण द्यायची तयारी ठेवा.

आदेश हातात आला की लोक निर्धास्त होतात, आणि तिथेच पुढची चूक होते. अटी वाचा. गाडी विकायची नाही, रंग-रूप बदलायचं नाही, कोर्ट सांगेल तेव्हा हजर करायची, अशा अटी सहसा असतात. केस चालू असताना गाडी परस्पर विकून टाकली तर बंधपत्राची रक्कम जप्त होऊ शकते. जामीनदार लागणार असेल तर तो आधीच ठरवून ठेवा. आदेश झाला, पण जामीनदार नाही म्हणून गाडी तशीच पडून, हे फार जीवाला लागतं.

ताबा घेताना ठाण्यातच चारही बाजूंनी फोटो काढा, स्टेपनी, बॅटरी, टेप तपासा. काही गायब असेल तर ताबा पावतीवर तसं लिहूनच सही करा. सही झाल्यावर तक्रार केली तर पोलीस तीच पावती पुढे करतात.

अर्ज फेटाळला गेला तर आदेशाची प्रमाणित प्रत त्याच दिवशी मागा. सत्र न्यायालयात पुनरीक्षण अर्ज (आदेश पुन्हा तपासण्याची मागणी) करता येतो आणि त्यालाही मुदत असते.