मायक्रोवेव्ह नसताना पाकिटातला भात: जपानला नव्याने आलेल्यांसाठी

जपानमध्ये भाड्याचं घर बहुतेक वेळा रिकामंच ताब्यात मिळतं. फ्रिज-मायक्रोवेव्ह सोडाच, काही घरांत शेगडीही नसते. अशा पहिल्या दिवसांत सुपरमार्केटमधला ‘पाक्कु गोहान’, म्हणजे शिजवून प्लास्टिकच्या डब्यात हवाबंद केलेला भात, पोटाला मोठा आधार. त्यातला ‘सातो नो गोहान’ हा ब्रँड १९८८ पासून मिळतो. आता इतर कंपन्यांचेही आहेत. नेहमीचा डबा २०० ग्रॅमचा, एका माणसाला पोटभर.

डब्यावर ठळक दिसतं ते मायक्रोवेव्हचं चित्र. त्यात झाकणाचा पापुद्रा तुटक रेषेपर्यंत सोलायला सांगितलेलं असतं. पाण्यात गरम करताना हे अजिबात करायचं नाही. कोपरा उघडला की पाणी आत शिरतं आणि भाताचा लगदा होतो. डब्यावर ‘युसेन’ हा शब्द शोधा, म्हणजे उकळत्या पाण्यात गरम करणं. वेळ त्याच्या शेजारीच लिहिलेली असते, बहुतेकदा १५ मिनिटं.

डबा आडवा मावेल असं पसरट पातेलं घ्या आणि डबा बुडेल इतकं पाणी आधी खळखळ उकळू द्या. मग न उघडलेला डबा सोडा, आच मध्यम ठेवा आणि तिथून वेळ मोजा. डबा तरंगतो, त्यामुळे वरची बाजू गार राहते. निम्म्या वेळात चिमट्याने उलटा करा. बाहेर काढल्यावर झाकण सोलताना वाफ हातावर येते, म्हणून पलीकडच्या कोपऱ्यापासून सुरुवात करा. मधोमध चमचा घालून पाहा. दाणा कडक लागला तर डबा परत पाण्यात टाकू नका, भात काढून पातेल्यात वाफवा.

किटलीतलं उकळतं पाणी डब्यावर ओतून ठेवण्याचा प्रयोग बरेच जण करतात. पाणी निवत जातं आणि भात मधे कोरडा राहतो. हा भात पूर्ण शिजलेला असतो, पण गार झाल्यावर त्यातला स्टार्च पुन्हा घट्ट होतो. तो मऊ व्हायला मधल्या दाण्यापर्यंत उष्णता पोचावी लागते.

पाणी उकळत बसायला वेळ नसेल तर कढई बरी. डबा उघडण्याआधीच बाहेरून हलकं दाबून भाताचा गड्डा मोकळा करा. भात कढईत पसरा, दोन-तीन मोठे चमचे पाणी शिंपडा, घट्ट झाकण ठेवून मंद आचेवर चार मिनिटं वाफ द्या, मग आच बंद करून दोन मिनिटं तसाच मुरू द्या. मधे ढवळायचं नाही. हा जपानी तांदूळ चिकट, आंबेमोहोराहूनही जास्त. डाव फिरवला की दाणे मोडतात. फोडणीचा भात करायचा असेल तर डब्यातला न तापवलेला भातच चांगला: तेल, मोहरी, हिंग, कांदा, हळद, त्यावर मोकळा केलेला भात आणि पाण्याचा एक हबका. वरण-भाताला मात्र डबा पाण्यातच तापवा, दाणा एकसारखा मऊ होतो.

गावाकडून ॲल्युमिनियमचं पातेलं आणलं असेल तर ‘आयएच’ म्हणजे इंडक्शन शेगडीवर ते सहसा तापत नाही. बुडाला लोहचुंबक चिकटतं का ते पाहून भांडं घ्या. डबा प्लास्टिकचा असतो. तो टोस्टर-ओव्हनमध्ये किंवा थेट आचेवर ठेवू नका, आणि बंद डबा प्रेशर कुकरमध्येही नको.

शाकाहारी असाल तर साधा पांढरा भातच घ्या. त्यात तांदूळ आणि पाणी असतं, काहींत थोडं आंबटपणाचं द्रव्य, म्हणून उघडल्यावर किंचित आंबूस वास आला तरी तो नासलेला नसतो. ‘गोमोकु’ किंवा ‘ताकिकोमी’ लिहिलेल्या भातात बहुधा मासळीचा अर्क किंवा कोंबडी असते.

मायक्रोवेव्ह आल्यावरही ही पद्धत विसरू नका. भूकंपात वीज गेली की तो बंदच. ‘कासेत्तो कोन्रो’ ही गॅसच्या नळकांड्यावरची छोटी शेगडी घरात असू द्या. २५० ग्रॅमचं एक नळकांडं मोठ्या आचेवर साधारण तासभर पुरतं. पातेलं मोठं असेल तर एकाच पाण्यात दोन-तीन डबे तापतात, आणि पाणी टाकून न देता पुढच्या खेपेला वापरता येतं. गॅसही नसेल अशा वेळेसाठी ‘आरुफा माइ’ म्हणजे वाळवलेल्या शिजल्या भाताची दोन पाकिटं ठेवा. आतल्या रेषेपर्यंत उकळतं पाणी घातलं तर तो साधारण १५ मिनिटांत होतो, साध्या पाण्यात तासाभरात.