माळ्यावर उदमांजर आलं तर

आमचं घर गोव्यात, फोंडा तालुक्यात, सावईवेऱ्याच्या बाजूला. मागे कुळागर, म्हणजे माड-सुपारीची बाग, वर मंगळुरी कौलं, आणि कौलांखाली गेली अकरा वर्षं अधूनमधून मुक्कामाला येणारं उदमांजर. गावात आता नवीन बंगले झालेत. तिथली माणसं रात्री फोन करतात, "काकी, छपरावर कोणीतरी चालतंय हो." प्रत्येकाला तेच सांगून तोंड दुखलं, म्हणून लिहून ठेवते.

आधी ते खरंच उदमांजर आहे का, ते बघा. उंदीर कुरतडतो, त्याची खुडबुड बारीक आणि रात्रभर चालते. उदमांजराचं वेळापत्रक असतं. दिवेलागणीनंतर अर्ध्या-पाऊण तासाने धप्प असा एक आवाज, मग आढ्यावरून जड पावलं, मग शांत. पहाटे चार-साडेचारला पुन्हा तेच, उलट्या दिशेने. दोन ते पाच किलोचं जनावर, अंगाएवढीच लांब शेपूट, तोंडावर काळा मुखवटा घातल्यासारखे पट्टे. कुंपणाच्या भिंतीवर काळपट विष्ठा आणि तिच्यात चिकूच्या किंवा भेर्ली माडाच्या अख्ख्या बिया दिसल्या, तर शंका उरत नाही. काही घरांत आणखी एक खूण सापडते, माळ्यावरून आंबेमोहोर शिजत असल्यासारखा वास. पहिल्या वेळी मी स्वयंपाकघरात जाऊन गॅस बंद आहे ना ते बघून आले होते.

तरी खात्री हवी असेल तर फळीवर रांगोळी भुरभुरवा. सकाळी ठसे मोजा. मांजराच्या पंजाला चार बोटं उमटतात, उदमांजराला पाच. जमिनीवरच फिरणारं, अंगावर ठिपके असलेलं ते जवादी मांजर. ते माळ्यावर सहसा येत नाही.

आता आमची चूक. पहिल्या वर्षी, चवथ, म्हणजे गणेशचतुर्थी, होऊन पंधरा दिवस झाले असतील. भावजींनी संध्याकाळी वळचणीखालचं भोक शोधलं आणि ते बाहेर गेलेलं बघून लगेच सिमेंट भरलं. आम्ही खूश. रात्री अकराच्या सुमाराला माळ्यावरून मांजराच्या पिल्लासारखं बारीक रडणं सुरू झालं. बाहेरून आई कौलं उचकटत होती. दुसऱ्या रात्री तिने तीन कौलं सरकवली, पावसाची सर आली आणि कोठारातल्या उकड्या तांदळाचं पोतं भिजलं. तिसऱ्या रात्री भावजी काठी घेऊन शिडीवर चढणार, तेवढ्यात आमच्या माडांचा सूर, म्हणजे ताडी, काढणारा रेंदेर अंगणात आला. तो म्हणाला, "ताका मारूं नाका. कौल काडून दवरात." एक कौल काढून ठेवलं. पहाटे ती पिल्लं तोंडात धरून एकेक करून फणसावर घेऊन गेली. तीन होती.

रेंदेराला तिचा राग नव्हता, हे नवल. माडावर बांधलेल्या दामोण्यातला, म्हणजे मडक्यातला सूर ती रात्री जाऊन पिते, हे त्याला माहीत होतं. इंग्रजीत तिला ताडीमांजर म्हणतात ते काही उगाच नाही.

म्हणून भोक बुजवायचं ते असं. आधी वर्तमानपत्राचा बोळा करून भोकात हलका कोंबा. सकाळी तो बाहेर पडलेला असला तर आत कोणीतरी आहे. सलग तीन रात्री बोळा जागच्या जागी राहिला आणि दिवसा माळ्यावर चूंचूं ऐकू आलं नाही, तरच पुढे जा. पिल्लं असली तर थांबा. दोन-तीन महिन्यांत ती आईबरोबर बाहेर पडायला लागतात. घाई असेल तर माळ्यावर एक दिवा रात्रंदिवस जळता ठेवा, शेजारी रेडिओ लावा. त्यांना अंधार आणि शांतता हवी असते. ती नाही मिळाली तर आई बऱ्याचदा स्वतःच बिऱ्हाड हलवते.

रिकामं झाल्याची खात्री पटली की बारीक भोकाची जाड जाळी वाशांना खिळ्यांनी मारा. कोंबड्यांची पातळ जाळी नको, ती दातांनी वाकते. हे काम मे महिन्यात, पावसाआधी कौलं परतायला माणसं येतात तेव्हाच उरकून घ्या, शिडी आणि मजुरी एकदाच लागते. छपरावर आलेल्या फांद्या दोन हात नाही, चांगल्या सहा-सात हात मागे छाटा. भिंतीलगतच्या माडाला छातीच्या वर पत्र्याचा गुळगुळीत पट्टा गुंडाळा, त्यावर नखं ठरत नाहीत.

माळा साफ करताना कोरडा झाडू मारू नका. विष्ठेची धूळ नाकात जाते. मास्क, हातमोजे, आधी फिनेलचं पाणी शिंपडून ओलं करायचं, मग खरवडून पिशवीत भरायचं.

समोरासमोर गाठ पडली तर काय, हे लोक सगळ्यात जास्त विचारतात. खरं तर सगळ्यात सोपं तेच आहे. त्याला तुमच्यात काडीचा रस नसतो. त्याला बाहेर जायचं असतं आणि आपण नेमके दारात उभे असतो. न्हाणीत किंवा सोप्यावर दिसलं तर मुलांना आणि कुत्र्याला दुसऱ्या खोलीत घालून दार लावा. घरातले दिवे मालवा, अंगणाकडचं दार सताड उघडा आणि बाजूला व्हा. दहा मिनिटं लागतील, कधी अर्धा तास. झाडू, बादली, टॉर्चचा झोत डोळ्यांवर, यातलं काही नको. कोपऱ्यात कोंडलं तर ते फिस्कारतं, दात दाखवतं आणि शेपटीखालच्या ग्रंथींतून असा घाण वास सोडतं की दोन दिवस सोप्यावर बसवत नाही. आंबेमोहोर विसरा.

माटोळीच्या, म्हणजे गणपतीवर टांगलेल्या फळांच्या चौकटीच्या वेळची गोष्ट वेगळी. गणपतीच्या डोक्यावर सुपारीचं कात्र, नारळाची पेंड, तोरंजन, आंबाडे, चिबूड आणि मधोमध पिकत आलेला केळ्यांचा घड. उदमांजराच्या दृष्टीने ही पंगतच. एका चवथीला रात्री दोन वाजता समईच्या उजेडात मी बघितलं. ते माटोळीच्या चौकटीवर पोट टेकून आडवं पडलं होतं, शेपूट खाली लोंबत होती, पुढच्या एका पायाने केळं दाबून धरून साल न काढता तोंडाने गर ओढत होतं. मध्येच थांबून माझ्याकडे बघितलं आणि पुन्हा खायला लागलं. मी तशीच मागच्या पावलांनी आत आले. घड विसर्जनाआधी उतरवायचा नसतो, म्हणून आता आम्ही घड कच्चाच बांधतो, चौकीवरच्या झरोक्याला जाळी लावली आहे आणि रात्री तिथे कोणीतरी झोपतं. बाकी दिवसांत पिकलेली केळी, मांजराची खीर-भाताची वाटी, उघडी कचऱ्याची बादली रात्री बाहेर ठेवू नका. कोंबड्यांचा खुराडा संध्याकाळीच बंद करा आणि खाली फळी असू द्या. कोंबडी त्याला चालते.

मुद्दाम खायला घालू नका. आमच्या शेजारी पाहुण्यांच्या हौसेखातर एका बंगल्यात रोज पपई ठेवायचे. महिन्याभरात ते जनावर दिवसाउजेडी गच्चीच्या दाराशी येऊन बसायला लागलं. पुढे कोणीतरी घाबरून काठी हाणलीच.

याच विषयावर माझी भाची टोरांटोहून व्हिडिओ पाठवते. तिकडे रॅकून. तोंडावर तसाच मुखवटा, म्हणून इथल्या मुलांना दोन्ही एकच वाटतात. दोघांची कुळं वेगळी, गाव तर त्याहून वेगळं. रॅकून मूळचा उत्तर अमेरिकेचा, आपल्या रानात तो नाही. त्याचे पुढचे पंजे बोटांसारखे चालतात. टोरांटोच्या महापालिकेने 2016 मध्ये मुठीने पिळून बंद होणारे ओल्या कचऱ्याचे हिरवे डबे वाटायला घेतले, तरी काही रॅकूननी ते आडवे पाडून उघडले. भाचीला मी सांगितलं ते असं: डबा पहाटे बाहेर ठेव, रात्री नको. जिना किंवा डेकखालची जागा बंद करण्याआधी तोच कागदाचा बोळा. आणि त्याच्या विष्ठेला उदमांजरापेक्षा जास्त जप. तो एकाच जागी पुन्हा पुन्हा करतो, आणि त्यात एका गोलकृमीची अंडी असतात, ती पोटात गेली तर मेंदूपर्यंत इजा होते, लहान मुलांना विशेष. दिवसा दिसला म्हणजे पिसाळला असं नाही, पिल्लांची आई दिवसाही खायला निघते. झोकांड्या खाणारा, मागचे पाय ओढणारा, माणसाला न घाबरता सरळ चालून येणारा दिसला तर मात्र लांबूनच फोन करायचा. ही शेवटची ओळ आपल्याकडच्या प्राण्यांनाही लागू.

चावलं किंवा ओरबाडलं तर इथे गमतीला जागा नाही. वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटं जखम धुवा, घड्याळ लावून. चुना, हळद, तिखट, तेल काही लावू नका, घट्ट पट्टी बांधू नका. त्याच दिवशी आरोग्य केंद्रात जा. रानटी प्राण्याचा चावा सरकारी नियमात थेट तिसऱ्या, सगळ्यात गंभीर श्रेणीत मोडतो, म्हणजे रेबीजच्या लसीबरोबर जखमेत इम्युनोग्लोब्युलिनही (तयार प्रतिपिंडं) द्यावं लागतं. लस दंडाच्या स्नायूत असेल तर 0, 3, 7, 14 आणि 28 व्या दिवशी, कातडीत असेल तर 14 वा दिवस सोडून. "गोव्यात रेबीज कुठे राहिलाय?" असं मला एका सुशिक्षित माणसाने ऐकवलं. 2021 मध्ये गोवा रेबीज-नियंत्रित जाहीर झाला तो कुत्र्यांना घरोघर जाऊन लस टोचली म्हणून. रानातल्या उदमांजराला कोणी टोचायला गेलेलं नाही.

पिल्लू खाली पडलेलं सापडलं तर दूध पाजू नका. हातमोजे घालून किंवा जुन्या टॉवेलमध्ये उचलून टोपलीत ठेवा आणि टोपली पडल्या जागेजवळच फांदीला बांधा. कुत्रा बांधून ठेवा. आई रात्री येते. सकाळपर्यंत आली नाही, किंवा जखम दिसली, तर वनखात्याच्या जवळच्या कार्यालयात कळवा. घरी पाळायचं नाही. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याखाली पकडणं, मारणं, पाळणं सगळाच गुन्हा आहे. पिंजरा लावून लांबच्या रानात सोडणंही त्यात आलं, आणि त्याचा उपयोगही नसतो. रिकाम्या माळ्यावर महिन्याभरात दुसरं येतं.

चिकूवर मात्र माझ्याकडे उपाय नाही. हाताला लागतील तेवढे कच्चेच उतरवून आम्ही तांदळात पिकवतो. शेंड्याचे राहतात. तिथवर चढायला हल्ली माणूस मिळत नाही, आणि ते आयतं चढतं.