सोयावड्या आणि भाज्यांचा रस्सा

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या भागांत पावसाळ्याच्या संध्याकाळी भाकरीसोबत गरम रस्सा असला, की जेवणात आणखी फारसे काही लागत नाही. या रश्शात भाज्यांबरोबर सोयावड्या घातल्या तर तो पोटभरीचा होतो आणि मांसाहार न करणाऱ्या घरातही प्रथिनांची सोय होते. सोयाबीनमधून तेल काढून घेतल्यानंतर जे पीठ उरते, त्यापासून या वड्या बनवतात. म्हणूनच शंभर ग्रॅम कोरड्या वड्यांत सुमारे पन्नास ग्रॅम प्रथिने असतात आणि चरबी मात्र अगदी थोडी असते. आपल्या जिल्ह्यात सोयाबीन मोठ्या प्रमाणावर पिकते, तेव्हा घरातल्या पोत्यातले दाणेच का घालू नयेत, असे कोणाला वाटेल. तसे दाणे घालायचे असतील तर ते रात्रभर भिजवून पूर्ण मऊ होईपर्यंत शिजवावे लागतात, कारण कच्च्या सोयाबीनमधील काही घटक प्रथिनांच्या पचनात अडथळा आणतात. रोजच्या स्वयंपाकात वड्याच सोयीच्या.

चार जणांसाठी शंभर ग्रॅम वड्या, दोन बटाटे, एक गाजर, एक नवलकोल, थोडा फ्लॉवर आणि मूठभर मटार एवढे पुरे होते. मसाल्यासाठी दोन कांदे, पाव वाटी सुके खोबरे, लसणाच्या आठ-दहा पाकळ्या, बोटभर आले, दोन टोमॅटो आणि लाल मिरच्या घ्याव्यात. रंगासाठी चार ब्याडगी मिरच्या घ्याव्यात आणि तिखटपणासाठी एखादी संकेश्वरी. नुसत्या संकेश्वरीवर रस्सा केला, तर भाज्यांची चव तिखटाखाली दबून जाते.

या रश्शाचे यश बहुतेक वड्यांच्या तयारीवर अवलंबून असते. ज्यांना सोया आवडत नाही, त्यांचा आक्षेप बहुधा तिच्या उग्र वासावर असतो आणि तो वास पाण्याबरोबर काढून टाकता येतो. पातेल्यात भरपूर पाणी उकळून त्यात चमचाभर मीठ घालावे, आच बंद करून वड्या टाकाव्यात आणि झाकण ठेवून दहा-बारा मिनिटे थांबावे. फुगलेल्या वड्या चाळणीत ओतून थंड पाण्याने धुवाव्यात आणि दोन्ही तळव्यांत दाबून घट्ट पिळाव्यात. पिळताना फेसाळ पाणी निघते. ते जवळजवळ स्वच्छ येईपर्यंत धुणे आणि पिळणे दोन-तीनदा करावे. वडी स्पंजासारखी असल्यामुळे तिच्यात साधे पाणी राहिले, तर मसाल्याला आत जागाच मिळत नाही. मोठ्या वड्या अर्ध्या कापून त्यांना हळद, मीठ आणि थोडी आले-लसणाची पेस्ट चोळून बाजूला ठेवावे.

एक कांदा उभा चिरून थोड्या तेलावर तांबूस करावा, त्यातच खोबरे आणि मिरच्या परताव्यात आणि निवल्यावर उरलेले आले-लसूण घालून बारीक वाटावे. कढईत तीन चमचे तेल तापवून मोहरी, जिरे, कढीपत्ता यांची फोडणी करावी, दुसरा कांदा बारीक चिरून परतावा, मग चिरलेले टोमॅटो घालून ते विरघळेपर्यंत शिजवावेत. वाटण घातल्यावर आच मंद करावी आणि कडेला तेल सुटेपर्यंत परतत राहावे. येथे घाई केली, तर रश्शाला कच्च्या कांद्याचा वास राहतो आणि नंतर कितीही उकळले तरी तो जात नाही. आता वड्या घालून त्या पाच मिनिटे मसाल्यातच परताव्यात. पाणी घालण्याआधीच त्यांनी मसाला प्यायला हवा.

बटाटा, गाजर आणि नवलकोल यांच्या फोडी घालून चार वाट्या गरम पाणी ओतावे. थंड पाणी ओतल्यास उकळी थांबते आणि शिजण्यास वेळ लागतो. झाकण ठेवून मंद आचेवर दहा मिनिटे शिजवल्यावर फ्लॉवर, मटार आणि चवीपुरते मीठ घालावे व आणखी सात-आठ मिनिटे ठेवावे. बटाट्याच्या दोन फोडी डावाने कढईच्या कडेला चेचून मिसळल्या, की रस्सा आपोआप दाट होतो. बेसन लावण्याची गरज नाही. शेवटी कोथिंबीर भुरभुरावी. टोमॅटो फार आंबट असतील तर गुळाचा लहानसा खडा चालतो.

ज्वारीची भाकरी आणि कांदा यांच्याबरोबर हा रस्सा सर्वांत चांगला लागतो, पण खानापूरकडच्या घरांत तो भातावर ओतूनच खाल्ला जाईल आणि त्यातही काही वावगे नाही. ज्यांना सोयाची ॲलर्जी आहे, त्यांच्यासाठी वड्यांऐवजी भिजवलेले हरभरे आधी उकडून घालावेत. रस्सा उरला तर वड्या तो शोषून घेतात आणि सकाळी कढईत जवळजवळ सुकी भाजीच दिसते. तेव्हा तापवताना वाटीभर गरम पाणी घालून मीठ पुन्हा चाखून पाहावे.