वेगळं रेशनकार्ड काढताय? आधी जुन्या कार्डातून नाव काढा

आधार, फोटो, लाईट बिल हे सगळ्यांना माहीत असतं, त्यावर मी वेळ घालवणार नाही. लग्नानंतर किंवा सासूबाईंपासून चूल वेगळी झाल्यावर नवीन शिधापत्रिका काढायची असेल, तर पहिलं काम फॉर्म आणण्याचं नाही. पहिलं काम जुन्या कार्डातून नाव कमी करून घेण्याचं. नवऱ्याचं त्याच्या घरच्या कार्डातून, बायकोचं माहेरच्या कार्डातून आणि पोरांची नावं जिथे कुठे घातली असतील तिथून. मी हे केलं नव्हतं. दोन चकरांत व्हायचं काम सात महिने चाललं आणि नवऱ्याचे पाच खाडे पडले ते वेगळेच.

झालं असं. माझं माहेर मराठवाड्यात, सासर नगरकडे आणि आम्ही पुण्यात भाड्याने राहतो. नवऱ्याचं नाव सासूबाईंच्या कार्डातून कमी करून दाखला आणला होता. माझ्या नावाचं काय, म्हणून वडिलांना फोन केला तर म्हणाले, "तुझं नाव केव्हाच काटलंय, लग्नाच्याच वर्षी." काटलं होतं खरंच. कार्डाच्या पानावर माझ्या नावावर लाल पेनाने रेघ आणि बाजूला कुणाची तरी सही. त्या पानाचा फोटो व्हॉट्सॲपवर मागवला, रंगीत प्रिंट काढली आणि मोठ्या ऐटीत अर्जाला जोडली. खिडकीतल्या माणसाने प्रिंटकडे पाहिलंसुद्धा नाही. माझा आधार नंबर कॉम्प्युटरमध्ये टाकला आणि म्हणाला, "ताई, तुमचं नाव चालू आहे." मी म्हटलं, काटलंय. तो म्हणाला, "कागदावर काटलंय."

हे नीट समजून घ्या, कारण सगळं इथेच अडतं. आता प्रत्येक कार्डाला बारा आकडी ऑनलाइन नंबर आहे आणि त्यातल्या प्रत्येक नावाला आधार जोडलेलं आहे. एक आधार एका वेळी एकाच कार्डात राहू शकतं. जुन्या कार्डात ते चालू असेल तोवर नव्या कार्डात बसतच नाही. मग तुमच्याकडे सरपंचाचं पत्र असो नाहीतर लग्नाची पत्रिका. लाल रेघेला काडीची किंमत नाही.

म्हणून मी माहेरी गेले. नाव कमी करायचा अर्ज वेगळा असतो, नमुना ९. तालुक्याला तहसील कचेरीत पुरवठा शाखा असते, तिथे तो द्यायचा. शहरात राहणाऱ्यांना शिधावाटप किंवा परिमंडळ कार्यालयात जावं लागतं. अर्जावर सही कार्डप्रमुखाची लागते, तुमची नाही. आमच्याकडे सगळ्या कागदांवर वडीलच सही करतात, तशी त्यांनी केली. अर्ज परत. २०१३ च्या अन्नसुरक्षा कायद्यात घरातली १८ वर्षांवरची सर्वांत मोठी बाई कुटुंबप्रमुख धरलेली आहे, आणि आमच्या कार्डावर प्रमुख म्हणून आईचं नाव आणि आईचाच फोटो. वर्षानुवर्षं ते कार्ड घरात आहे, कुणी पाहिलंच नव्हतं. आई शेतात. दुसऱ्या दिवशी तिला घेऊन पुन्हा गेलो. तेव्हा जुन्या कार्डावर प्रमुख कोण ते आधी उघडून बघा आणि त्याच माणसाला सोबत न्या. सोबत लग्नाचा दाखला, तुमच्या आधारची झेरॉक्स आणि ते मूळ कार्ड. झेरॉक्स नव्हे, मूळ.

आणखी एक गोष्ट, जी कुणी उघड बोलत नाही. माहेरचं कार्ड प्राधान्य कुटुंबाचं, म्हणजे अन्नसुरक्षा कायद्याचं धान्य मिळणारं असेल तर माणशी महिन्याला ५ किलो धान्य मिळतं. तुमचं नाव निघालं की त्या घरातले ५ किलो कमी होतात. भावजय तोंडावर काही बोलली नाही, पण कार्ड शोधायला तिला दोन दिवस लागले. राग धरू नका, पण "पुढच्या महिन्यात करू" यालाही भुलू नका. कार्ड अंत्योदयचं, म्हणजे सर्वांत गरीब घरांना मिळतं ते, असेल तर हा प्रश्न येत नाही, तिथे कार्डामागे ३५ किलो ठरलेले, माणसं कितीही असोत.

दाखला मिळाला. शिक्का, सही, जावक क्रमांक, सगळं. मी जग जिंकल्यासारखी पुण्याला आले. पुन्हा खिडकी, पुन्हा आधार नंबर, पुन्हा "चालू आहे." दाखला दिला होता, पण ऑनलाइन नाव काढायचं राहिलं होतं. दोन्ही कामं वेगळी आहेत, हे मला कोणी सांगितलं नव्हतं, म्हणून मी सांगतेय: दाखला हातात पडला की खिडकी सोडू नका. "ऑनलाइन कमी झालं का, दाखवा" म्हणा. लगेच होणार नाही म्हणाले तर कधी होईल ते विचारा. घरी येऊन स्वतः तपासा. 'मेरा राशन' ॲपमध्ये कार्डातल्या सदस्यांची यादी दिसते. त्यात तुमचं नाव दिसतंय तोवर नवीन अर्ज भरू नका. भरूच नका. मला फोन करकरून पुढे दोन महिने घालवावे लागले.

आणि पोरं. थोरलीचं नाव सासूबाईंनी परस्पर आपल्या कार्डात घातलं होतं, ती तान्ही असताना. मला पत्ता नाही. नवऱ्याचं नाव कमी करताना त्याने पोरीचं बघितलं नाही, कारण ते तिथे असेल असं त्याच्या डोक्यातच आलं नाही. म्हणजे माझं निघालं तेव्हा पोरीचं अडकलं. तेव्हा दोन्हीकडच्या आज्यांना सरळ विचारा. लाजू नका.

आता बाकीचं.

उत्पन्नाचा दाखला तहसीलदारांचा लागतो, तो सेतू किंवा आपले सरकार केंद्रातून काढा. त्याची मुदत संपली नाही ना ते बघा. दाखल्यावर आकडा काय येतो याला फार महत्त्व आहे, कारण रंग त्यावर ठरतो. तीन रंगांची कार्डं महाराष्ट्रात १ मे १९९९ पासून आहेत. वर्षाला १५ हजारांपर्यंत पिवळं, त्यावर १ लाखापर्यंत केशरी आणि त्याच्यावर पांढरं. पण धान्याचा हिशोब वेगळा. अन्नसुरक्षा कायदा राज्यात फेब्रुवारी २०१४ पासून लागू झाला तेव्हा प्राधान्य कुटुंबासाठी केशरीतही मर्यादा घातली, शहरात वर्षाला ५९ हजार आणि खेड्यात ४४ हजार. आम्ही अर्ज केला तेव्हाही हेच आकडे होते. ५९ हजार म्हणजे महिन्याला पाच हजारसुद्धा नाहीत. पुण्यात त्यात खोलीचं भाडं भागत नाही. यावर मला बरंच बोलायचं आहे, पण ते पुन्हा कधीतरी. खोटा आकडा मात्र लिहू नका, खाली हमीपत्रावर सही तुमची असते आणि कार्डांची तपासणी निघते तेव्हा कोणी वाचवायला येत नाही.

पत्त्याचा पुरावा ही भाडेकरूंची डोकेदुखी. लाईट बिल घरमालकाच्या नावावर, आणि मालकाला वाटतं रेशनकार्डावर पत्ता गेला की हे खोली बळकावणार. आमच्या मालकांची समजूत घालायला नवऱ्याला तीन रविवार लागले. नोंदणी केलेला भाडेकरार असेल तर सगळ्यांत बरं. आमच्याकडे नोटरीचा होता, तो चालला नाही. करार करतानाच नोंदणीचा करा, शाळेपासून बँकेपर्यंत सगळीकडे उपयोगी पडतो. त्यासोबत मालकाचं संमतीपत्र आणि त्यांचं चालू महिन्याचं लाईट बिल.

नावाचं स्पेलिंग. आधारवर माझं माहेरचं नाव, लग्नाच्या दाखल्यावर दोन्ही, बँकेत सासरचं. आधी सगळीकडे नाव बदलत बसले असते तर आणखी एक वर्ष गेलं असतं. अर्जात आधारवर जसं आहे तसंच लिहिलं आणि लग्नाचा दाखला जोडला. चाललं. मुलांचे जन्मदाखले लागतात. आधारला मोबाईल नंबर जोडलेला असू द्या, ओटीपी त्यावरच येतो, आणि तो नंबर भावाच्या जुन्या सिमचा नसावा.

नवीन कार्डाचा अर्ज नमुना १. नंतर बाळाचं नाव घालायचं तर नमुना ८. हे ध्यानात ठेवा, कारण बाहेरचा झेरॉक्सवाला कुठलाही फॉर्म हातात देतो. गॅस कोणाच्या नावावर आहे ते लिहून द्यावं लागतं, त्याचं हमीपत्र फॉर्मसोबतच असतं. कोर्ट फीचं तिकीट पाकिटात टाकून ठेवा. मागितलं तर आहे, नाही तर पुढच्या कामाला येईल. मूळ कागद दाखवायला, झेरॉक्सचे दोन संच द्यायला.

अर्ज ऑनलाइनही भरता येतो, पण तिथेही जुन्या कार्डातलं नाव आडवं येतंच. यंत्र तर खिडकीतल्या माणसापेक्षा निष्ठुर, लाल एक ओळ दाखवतं आणि गप्प बसतं. म्हणून पुन्हा विचारते: नाव कमी झालंय का? सगळ्यांचं? ऑनलाइन?

एजंट कार्यालयाच्या दारातच भेटतील. आमच्याकडून एकाने दोन हजार मागितले. तोही शेवटी तुम्हालाच सांगणार, "माहेरचा दाखला आणा." कारण ते काम त्याच्याच्याने होत नाही.

अर्ज दिला की पोच घ्या, तारीख आणि क्रमांक असलेली. शिधापत्रिका लोकसेवा हक्क कायद्याखाली येते, २०१५ चा कायदा आहे. किती दिवसांत द्यायची ते कार्यालयात फलकावर लावलेलं असतं. तितके दिवस उलटले की अपील करता येतं, पण पोच नसेल तर अर्ज दिलाच नव्हता असं समजा. पत्ता तपासायला घरी माणूस येऊ शकतो. त्या दिवसांत घराला कुलूप नको, आणि शेजाऱ्यांना सांगून ठेवा, नाहीतर ते "इथे कोणी राहत नाही" म्हणून मोकळे होतात.

कार्ड मिळालं म्हणजे धान्य मिळालं, असं मात्र नाही. आम्हाला केशरी कार्ड मिळालं आणि मी पिशव्या घेऊन दुकानात गेले. दुकानदार म्हणाला, "वहिनी, तुमचं कार्ड आहे, पण धान्यात नाव नाही." राज्याला लाभार्थ्यांचा कोटा ठरवून दिलेला आहे, साधारण ७ कोटी लोकांचा, त्याला इष्टांक म्हणतात. तुमच्या तालुक्याच्या किंवा परिमंडळाच्या इष्टांकात जागा असेल तरच प्राधान्य यादीत नाव चढतं. त्यासाठी वेगळा अर्ज द्या, कार्डासोबतच दिलात तर उत्तम, आणि जागा कधी आहे ते विचारत राहा. लोक मयत होतात, गाव सोडतात, नावं निघतात, तेव्हा जागा होते. विचारणाऱ्याचं नाव आधी चढतं हे माझं मत, नियम नव्हे. तोवर कार्ड वाया जात नाही, दवाखान्यात महात्मा फुले योजनेला आमच्याकडे तेच मागितलं.

यादीत आल्यावर ई-केवायसी, म्हणजे आधारवरून ओळख पटवणं. घरातल्या प्रत्येकाने दुकानातल्या मशीनवर अंगठा लावायचा. कुठल्याही रेशन दुकानात होतं, गावाकडे गेलेल्याला तिथेच करायला सांगा. धुणीभांडी, सेंट्रिंग करणाऱ्यांचे ठसे झिजलेले असतात, मशीन घेत नाही. चेहऱ्यावरून मोबाईलवर करायचं 'मेरा ई-केवायसी' ॲप आहे, नाहीतर आधार केंद्रात ठसे नव्याने द्या. पोर पाच वर्षांचं झालं की त्याचंही आधार अपडेट करा.

दुकानाची वेळ, धान्य आल्याची तारीख दुकानदाराचा नंबर घेऊन विचारा. पिशव्या दोन न्या, गहू आणि तांदळाची वेगळी. पैसे द्यायचे नाहीत, हे धान्य जानेवारी २०२३ पासून फुकट आहे. "हमाली" म्हणून मागितले तर पावती मागा. तक्रारीला १९६७ हा फोन नंबर.

मशीनमधून पावती निघते ती घेतल्याशिवाय हलू नका. चार माणसांचे २० किलो आले पाहिजेत. १५ दिसले तर दुकानदाराशी भांडण्याआधी ॲपमध्ये यादी उघडा. एकाचं केवायसी राहिलं असेल, नाहीतर कुठल्यातरी आजीच्या कार्डात एक नाव अजून चालू असेल.