रेमार्क यांच्या युद्धकादंबरीतील प्रतीके आणि उपरोध कसे वाचावेत

एरिक मारिया रेमार्क यांची ‘ऑल क्वाएट ऑन द वेस्टर्न फ्रंट’ ही १९२९ साली पुस्तकरूपाने आलेली, पहिल्या महायुद्धावरील जर्मन कादंबरी अभ्यासताना प्रतीकांची लांबलचक यादी करू नये. एकच वस्तू निवडावी आणि ती कोणाच्या हातून कोणाकडे जाते, हे पृष्ठक्रमांकांसह टिपून ठेवावे. यासाठी केमरिक या तरुण सैनिकाचे बूट सर्वांत सोयीचे आहेत. पाय कापला गेलेला केमरिक इस्पितळात मरणासन्न असताना त्याचा सहकारी म्युलर ते बूट मागतो, आणि म्युलर मेल्यावर ते निवेदक पाउलकडे येतात. म्युलर निर्दय आहे, असा निष्कर्ष येथे घाईने काढला जातो. परंतु केमरिकला बूट उपयोगी पडणार असते तर म्युलर काटेरी तारांवरून अनवाणी चालला असता, पण ते मागितले नसते, असे पाउल सांगतो, आणि ते वाक्य वगळून केलेले विवेचन, माझ्या मते, अपुरेच ठरते.

उपरोध शोधताना पात्रांची भावना आणि तिचे कारण शेजारी-शेजारी मांडावे. पहिल्या प्रकरणात सैनिक पोटभर जेवून खूश आहेत; कारण स्वयंपाक दीडशे जणांचा झाला होता आणि परतले केवळ ऐंशी. चढाईपूर्वी रचून ठेवलेल्या कोऱ्या शवपेट्यांवर ते विनोद करतात, तो प्रसंगही असाच तपासावा.

शेवटच्या परिच्छेदांत निवेदन प्रथमपुरुषातून तृतीयपुरुषात का जाते, हे अवश्य लिहावे: ऑक्टोबर १९१८ मध्ये पाउल मरतो, त्या दिवशी लष्करी अहवालाला आघाडीवर सांगण्याजोगे काहीच आढळत नाही.