चीजवाला बेक्ड बटाटा बिघडतो कुठे? या चुका टाळा

वर चीज छान सोनेरी आणि खाली बटाटा कच्चट. नाहीतर बटाटा मऊ शिजलेला, पण चमचा घातला की तळाशी पाणी आणि त्यात तरंगणारे दुधाचे कण. बेक्ड बटाट्याच्या तक्रारी बहुतेक या दोनच असतात आणि दोन्ही वेळा उपाय एकच सुचवला जातो: पुढच्या वेळी चीज जास्त घाल. मला हे अजिबात पटत नाही. हा पदार्थ चीजमुळे क्वचितच बिघडतो, आणि चीज वाढवून तर कधीच सुधारत नाही. आधी बटाटा आणि दूध यांचं जमावं लागतं. चीज त्यानंतरचं.

मी बोलतेय ते दूध आणि क्रीममध्ये भाजलेल्या पातळ कापांबद्दल. फ्रेंच लोक याला ग्रातँ म्हणतात. आग्नेय फ्रान्समधल्या दोफिने प्रांताचा हा पदार्थ. गॅप नावाच्या गावात १२ जुलै १७८८ रोजी क्लेरमाँ-तोनेरच्या ड्यूकने नगराच्या अधिकाऱ्यांना जेवण दिलं, त्यात याचा पहिला उल्लेख सापडतो. दोफिनेची परंपरा मानणारे आजही त्यात चीज घालत नाहीत, फक्त दूध, क्रीम, लसूण. चीज घालतात ते शेजारच्या साव्हॉयमधले लोक. ग्रातँ हा शब्दच मुळी खरवडणे या अर्थाच्या क्रियापदावरून आला आहे. दुधाच्या पातेल्याच्या तळाची खरवड ज्यांनी लहानपणी चमच्याने काढून खाल्ली आहे, त्यांना या पदार्थाचा जीव कशात आहे हे वेगळं सांगायला नको. डिशच्या कडांना धरलेली ती खरपूस, चिवट साय, तीच खरी.

माझं प्रमाण आधी सांगते, म्हणजे पुढचं बोलणं सोपं जाईल. १ किलो बटाटे, अर्धा लिटर फुल क्रीम दूध, २०० मिली फ्रेश क्रीम, लसणाच्या २ पाकळ्या, चमचाभर लोणी, मीठ, मिरपूड, किंचित जायफळ आणि वरून १०० ग्रॅम चीज. सहा जणांना साइड डिश म्हणून पुरतं. छोटा ओटीजी, म्हणजे घरगुती विजेचा ओव्हन, असेल तर सगळं निम्मं करा.

काप धुऊन घेणं

ही चूक आपल्या हातात मुरलेली आहे. काचऱ्या असोत की वेफर्स, बटाटा चिरला की पाण्यात टाकायचा, दोन पाणी बदलायची, हे आपण न विचारता करतो. तळायच्या पदार्थाला ते योग्यच आहे, कारण तिथे वरचा स्टार्च नको असतो. इथे मात्र तोच स्टार्च दुधाला दाट करतो, कापांना एकमेकांशी बांधतो आणि दुधाला फाटण्यापासूनही वाचवतो. तो नळाखाली वाहून गेला की डिशमध्ये पातळ दूध आणि सुटे काप उरतात.

बटाटे काळे पडतील ही भीती असेल तर सोललेले अख्खे बटाटे पाण्यात ठेवा. मग एकेक काढून, पुसून, चिरून थेट दुधाच्या पातेल्यात सोडा. दुधात बुडालेला काप काळा पडत नाही.

काप जाडे-बारीक असणं

विळीवर कितीही सफाईने चिरलं तरी एक काप कागदासारखा आणि दुसरा बोटभर होतोच. बारीक काप विरघळून लगदा होतो, जाडा दाताखाली कचकन लागतो. साधारण ३ मिलिमीटर जाडी हवी, दोन नाणी एकावर एक ठेवल्यावर होते तेवढी. किसणी वापरणार असाल तर एक गोष्ट लक्षात ठेवा. उपासाच्या वेफर्सची घरातली किसणी यापेक्षा बरीच पातळ काढते, तिच्यावर काढलेले काप उकळीतच मोडतात. पातं खाली-वर करता येणारी किसणी असेल तर उत्तम, नसेल तर धारदार सुरी आणि थोडा वेळ.

बटाटा पारखून न घेणं

नवा बटाटा, ज्याची साल अंगठ्याने घासली तरी निघते, तो चिकट असतो. शिजल्यावर काप अख्खा राहतो, पण दूध फारसं दाट होत नाही. जुना, कोरडा, पिठूळ बटाटा दूध छान शोषतो आणि थोडा मोडतो. मला मधला आवडतो. तो न मिळाल्यास दोन्ही अर्धे अर्धे घेते. फ्रिजमध्ये ठेवलेला बटाटा मात्र घेऊ नका. थंडीत त्यातल्या स्टार्चची साखर होते, मग चव गुळचट लागते आणि कडा लवकर करपतात. हिरवट डाग पडलेले आणि मोड आलेले बटाटे तर कुठल्याच भाजीला नकोत.

कच्चे काप थेट ओव्हनमध्ये ठेवणं

सगळ्यात जास्त डिश बिघडतात त्या इथे. रेसिपी म्हणते १८० अंशांवर ४५ मिनिटं. तुम्ही ५० मिनिटं ठेवता, वर सगळं बुडबुडतं, रंग येतो, आणि सुरी घातली तर बटाटा तसाच टणक.

याची कारणं बटाट्यातच आहेत. बटाट्याच्या पेशी पेक्टिनने एकमेकींना चिकटलेल्या असतात आणि दुधातलं कॅल्शियम ते पेक्टिन आणखी घट्ट करतं. त्यामुळे दुधात बटाटा पाण्यापेक्षा सावकाश शिजतो. त्यात भर म्हणजे, बटाटा ५५ ते ६५ अंशांच्या आसपास बराच वेळ राहिला तर त्याच्यातलंच एक एन्झाइम जागं होतं आणि पेशींच्या भिंती आणखी पक्क्या करतं. फ्रिजमधलं गार दूध, गार काप, जाड डिश आणि मंद ओव्हन असं सगळं एकत्र आलं की बटाटा नेमका त्याच तापमानात अर्धा-पाऊण तास रेंगाळतो. नंतर कितीही भाजा, तो पुरता मऊ होत नाही.

म्हणून काप आधी गॅसवर दुधातच शिजवून घ्यायचे. जाड बुडाच्या पातेल्यात दूध, क्रीम, ठेचलेला लसूण आणि मीठ गरम करा, काप सोडा आणि मंद आचेवर ८ ते १० मिनिटं ठेवा. इथे पातेल्यापासून हलू नका. पहिली चार मिनिटं काहीच घडत नाही, दूध पाण्यासारखं पातळ आणि काप त्यात खडखडतात. मग हळूहळू उलथन्याला जडपणा जाणवायला लागतो. कापांच्या कडा काचेसारख्या अर्धपारदर्शक होतात, बुडबुडे छोटे आणि फसफसते होते ते मोठे, संथ होतात, आणि उलथनं तळावरून ओढलं की मागे क्षणभर वाट दिसते. तिथे गॅस बंद. काप या वेळी वाकला पाहिजे, तुटता कामा नये. दूध तळाला लागू नये म्हणून हलवायचं, पण ढवळायचं नाही. उलथनं तळाशी सरकवून खालचे काप अलगद वर आणायचे.

एवढं केलं की ओव्हनचं काम ३५-४० मिनिटांचं राहतं आणि कच्चं राहण्याची भीती जवळजवळ संपते.

दूध फाटणं

पनीर करताना आपण दूध मुद्दाम फाडतो. त्यासाठी लागतात आंबटपणा आणि उष्णता. याच दोन गोष्टी ग्रातँमध्ये नकळत शिरतात.

पहिला चोरवाटेने येणारा आंबटपणा म्हणजे घरची साय. लोणी काढायला आठवडाभर साठवलेली साय फ्रिजमध्ये असते, क्रीम आणायचं राहिलेलं असतं, आणि वाटतं, साय म्हणजे क्रीमच की. पण ती साय रोज थोडी थोडी आंबत असते. विरजण लावलेलं असेल तर विचारूच नका. गरम दुधात ती पडली की पाच मिनिटांत चोथा-पाणी. साय वापरायचीच असेल तर त्याच दिवशीची, गोड, आणि आधी रवीने घुसळून एकजीव केलेली.

दुसरा म्हणजे टोमॅटो. रंग छान दिसतो म्हणून मधल्या थरात चकत्या लावतात. त्यांचा आंबटपणा दूध फाडतो आणि पाणी सुटतं ते वेगळंच. सिमला मिरची, मशरूम, कच्चा कांदा यांचंही पाणी सुटतं. घालायचे तर आधी परतून, कोरडे करून घाला.

तिसरं कारण, कमी स्निग्धांशाचं दूध. पिशवीवर फुल क्रीम लिहिलेल्या दुधात ६ टक्के स्निग्धांश असतो, टोन्डमध्ये ३, डबल टोन्डमध्ये दीड. स्निग्धांश जितका कमी, तितकं दूध तासभराच्या आचेला कमी टिकतं. परदेशी रेसिपींत जे हेवी क्रीम असतं त्यात ३५ टक्क्यांच्या वर स्निग्धांश असतो. आपल्याकडच्या टेट्रापॅकमधल्या फ्रेश क्रीममध्ये साधारण २५. म्हणून तिथल्या रेसिपीतलं तापमान आणि वेळ जसाच्या तसा उचलला की आपलं दूध फाटतं. ओव्हन १६० ते १७० अंशांवर ठेवा. डिशच्या कडेला शांत बुडबुडे आले पाहिजेत, खळखळ उकळता कामा नये.

आणि क्रीम मुळीच वापरायचं नसेल तर सरळ व्हाइट सॉस करा. लोण्यात २ मोठे चमचे मैदा मंद आचेवर परतून त्यात दूध घालत जा. मैद्याचा स्टार्च दुधातल्या प्रथिनांना गुठळ्या करू देत नाही. चव थोडी जड होते, पण फाटलेल्या दुधापेक्षा कितीतरी चांगली.

चीज कधी आणि कुठलं

सुरुवातीपासून चीज घालून ठेवलं तर आतला बटाटा व्हायच्या आधी वरचा थर रबरासारखा होतो आणि त्यातून तेल सुटतं. शेवटची १५ मिनिटं उरली की घाला.

आपल्याकडचे प्रोसेस्ड चीजचे क्यूब २५ ग्रॅमचे असतात, म्हणजे चार पुरे. त्यातल्या इमल्सिफायर, म्हणजे पाणी आणि स्निग्धांश एकत्र धरून ठेवणाऱ्या, क्षारांमुळे ते गुळगुळीत वितळतं, पण खरपूस रंग उशिरा येतो. नुसतं मोझरेला घातलं तर तार छान निघते, चव मात्र फिकी. मी निम्मं प्रोसेस्ड आणि निम्मं चेडार घेते. पाकिटातलं किसलेलं चीज सोयीचं असतं, पण ते मोकळं राहावं म्हणून त्याला स्टार्च किंवा तत्सम भुकटी लावलेली असते, त्यामुळे ते नीट एकजीव वितळत नाही. पाच मिनिटं काढून स्वतः किसा. आणि प्रोसेस्ड चीज बरंच खारट असतं, तेव्हा दुधातलं मीठ त्या हिशेबाने कमी करा. खारट झालेल्या ग्रातँला इलाज नाही.

ओटीजी आणि डिश

ओटीजीच्या काट्यावर आंधळा विश्वास ठेवू नका. माझ्या ओटीजीत काटा १८० वर असला की आतलं तापमान २०० च्या जवळ जातं, हे मला ओव्हनचा थर्मामीटर आणल्यावरच कळलं. दहा मिनिटं आधी तापवा, डिश मधल्या जाळीवर ठेवा, आधी दोन्ही रॉड चालू, आणि शेवटची ५ मिनिटं फक्त वरचा. वरून आच देऊन रंग आणायची ही युक्ती गोव्यात बिबिंका करणाऱ्यांना पिढ्यान्‌पिढ्या माहीत आहे; तिथे झाकणावर निखारे ठेवून एकेक थर भाजतात. मायक्रोवेव्ह असेल तर कन्व्हेक्शन मोडवरच करा. नुसत्या मायक्रोवेव्हवर बटाटा शिजतो, पण खरवड धरत नाही.

डिश पसरट हवी, थराची उंची ४-५ सेंटिमीटर. केकच्या खोल डब्यात वर करपतं आणि मधे गार राहतं. काचेची डिश असेल तर तिला एकदम गार-गरम करू नका. माझी एक डिश ओव्हनमधून काढून ओल्या ओट्यावर ठेवली तशी उभी तडकली, आणि सगळं ग्रातँ काचेसकट टाकावं लागलं. आता मी आधी लाकडी पाट आणि त्यावर कोरडं फडकं मांडून ठेवते, मगच ओव्हनचं दार उघडते.

बाहेर काढल्या काढल्या वाढणं

ओव्हनमधून निघालेलं ग्रातँ पातळच दिसतं. १५ मिनिटं तसंच राहू द्या. स्टार्च आळतो, दूध कापांत शिरतं आणि चौकोनी तुकडा अख्खा निघतो. तेवढ्या वेळात टोमॅटोचं सार गरम करून घ्या. फ्रान्समध्ये हे भाजलेल्या मांसाबरोबर वाढतात, आमच्याकडे मात्र पाव आणि साराबरोबर रंगतं. साराचा आंबट-तिखटपणा चीजचा जडपणा कापतो.

बिघडलंच तर

वर रंग आला आणि आत कच्चं असेल तर पाव कप कडकडीत गरम दूध कडेने सोडा, डिशवर फॉइल घट्ट बसवा आणि १६० वर आणखी २० मिनिटं ठेवा. फार पातळ राहिलं असेल तर फॉइल काढून १० मिनिटं. दूध फाटलं असेल तर ते पुन्हा जोडता येत नाही. सुटलेलं पाणी चमच्याने काढून टाका, वरून २ चमचे क्रीम घाला आणि रंग येऊ द्या. दिसायला फरक पडेल, चवीला खाण्यासारखं होतं. उरलेलं दुसऱ्या दिवशी मायक्रोवेव्हमध्ये गरम केलं तर तूप सुटल्यासारखं होतं. त्यापेक्षा बिडाच्या तव्यावर थोडं लोणी घालून तुकडा चीजची बाजू खाली करून ठेवा, मंद आचेवर, झाकण न ठेवता. उलटायची घाई करू नका. खाली खरवड धरली की तो आपोआप सुटतो.