बूड पुसलंत का?

कुंभाराचं चाक शिकायला हौसेने येणारे पुष्कळ, पण ग्लेझच्या, म्हणजे भांड्यावर चढवायच्या काचेरी लेपाच्या, बादलीपर्यंत पोचेपर्यंत निम्मे गळतात. मीही पहिले चार महिने चाकावरच रमले होते. ग्लेझ म्हणजे रंग लावणं, त्यात शिकायचं काय? हा तोरा एका कपाने उतरवला.

कप निळ्या ग्लेझमध्ये बुडवला आणि बूड न पुसता तसाच भट्टीत लावला. १२२० अंशांच्या आसपास ग्लेझची काच होते आणि ती जिथे टेकेल तिथे चिकटते. भट्टी उघडली तेव्हा कप भट्टीतल्या शेल्फला असा धरून बसला होता की छिन्नी-हातोडीच लागली. कप गेलाच, शेल्फचाही टवका उडाला. शिकवणाऱ्या बाई रागावल्या नाहीत. ग्राइंडर आणि गॉगल तेवढा हातात दिला. दुपारभर शेल्फ घासत होते. आता बूड आणि त्यालगतची बोटभर कड ओल्या स्पंजने पुसल्याशिवाय भांडं खाली ठेवत नाही.

पुण्यातल्या केशवनगरच्या कुंभारांचे माठ बिनग्लेझचे. त्यांतून पाणी पाझरतं, म्हणूनच ते गार राहतं. आपल्या कपातून चहा पाझरून कसा चालेल? म्हणून त्यावर काच चढवायची. काच सिलिकाची, पण नुसती सिलिका वितळायला १७०० अंश लागतात, म्हणून ती कमी तापमानाला वितळवणारं फेल्डस्पार हे खनिज किंवा फ्रिट, म्हणजे दळलेली काच, घालायचं. वितळलेलं ग्लेझ ओघळू नये म्हणून चायना क्ले, म्हणजे पांढरी चिनी माती. रंग धातूंच्या ऑक्साइडचा, आणि तो बादलीत बघून कळत नाही. लोह भरपूर असलेलं विटकरी ग्लेझ काळंभोर निघतं. आधी तेच ग्लेझ लावलेला मातीचा नमुना, म्हणजे टेस्ट टाइल, भाजा, मग लाडका कप बुडवा. पावडरी कालवताना एन-९५ मास्क हवाच. सिलिकाची धूळ फुफ्फुसात कायमची बसते.

पहिली भाजणी, म्हणजे बिस्क, ९५० ते १००० अंशांची. ते भांडं सच्छिद्र असल्यामुळे पाणी झपकन ओढतं. ग्लेझमध्ये बुडवून मी तीन मोजते आणि बाहेर काढते. टाचणीने ओरखडा काढून ग्लेझची जाडी बघा; साधारण एक मिलिमीटर पुरे. वडापाव खाऊन तेलकट हातांनी बिस्क धरलंत, तर तेवढ्या जागी ग्लेझ आकसून माती उघडी पडणार.

पावसाळ्यात पुण्यात माती आठवडा आठवडा वाळत नाही. कच्चं भांडं गालाला लावून पाहा. गार लागलं तर आत ओल आहे. घाई केलीत तर वाफेने ते फुटेल आणि शेजाऱ्यालाही घेऊन जाईल. भट्टी विजेची असेल तर गुरुवार टाळा. दुरुस्तीसाठी लाइट जाण्याचा तो वार आहे, आणि चढत्या भट्टीत लाइट गेली की सगळं गणित बिघडतं.

भट्टी गार होताना मात्र सगळ्यांचा धीर सुटतो. ५७३ अंशांच्या आसपास मातीतलं क्वार्ट्झ एकदम आकसतं. तिथे गार वारा लागला तर भांडं तडकतं. मी शंभरच्या खाली आल्याशिवाय झाकणाला हात लावत नाही. तरीही कधीकधी टिंग-टिंग ऐकू येतं. कानाला गोड, पण ते ग्लेझला बारीक तडे जात असल्याचे आवाज: मातीपेक्षा ग्लेझ जास्त आकसलेलं असतं. असल्या तीन कपांत सध्या माझी पेनं आहेत.